अनुच्चारित विचार आणि साकार वस्तू : 'सोलारिस' कादंबरीचा भाषिक अंगाने विचार

१. प्रश्नाचे स्वरूप

मनात आलेला विचार बाहेरच्या जगात वस्तुरूपाने उभा राहावा, ही कल्पना कथावाङ्मयाला नवी नाही. कल्पवृक्षाखाली विसावलेल्या वाटसरूची गोष्ट मराठी श्रोत्यांच्या कानावरून अनेकदा गेलेली आहे. वाटसरूला तहान लागते, पाणी येते. भूक लागते, ताट येते. शेवटी 'येथे वाघ आला तर?' अशी शंका त्याच्या मनाला चाटून जाते, आणि वाघ येतो. 'मन चिंती ते वैरी न चिंती' या म्हणीत या गोष्टीचे तात्पर्य सामावलेले आहे, असे मानले तर ते चुकीचे ठरणार नाही. मनावर लगाम असावा, हा तिचा नीतिपर अर्थ उघडच आहे.

परंतु भाषेच्या अभ्यासकाला याच गोष्टीत आणखी एक विशेष दिसतो. वाटसरूच्या मनातील वाक्य 'वाघ येवो' असे नव्हते. ते संकेतार्थी होते, प्रश्नार्थक होते, आणि त्याच्या पोटात नकार दडलेला होता. कल्पवृक्षाने त्या वाक्यातील 'तर' वगळला आणि 'वाघ' तेवढा उचलला. वृक्षाला नाम कळते. अव्यय कळत नाही. विचार वस्तू होतो तेव्हा त्याचे व्याकरण मागे राहते, असा या गोष्टीचा भाषिक आशय सांगता येईल.

विसाव्या शतकातील ज्या कलाकृतींनी ही कल्पना गंभीरपणे हाताळली, त्यांत पोलिश लेखक स्तानिस्वाव लेम (१९२१–२००६) यांच्या 'सोलारिस' या १९६१ साली प्रसिद्ध झालेल्या कादंबरीचे स्थान फार वरचे आहे. या कादंबरीवर विपुल समीक्षा झालेली आहे. तीतील एक मोठा प्रवाह असे मानतो की, कादंबरीतील साकार झालेली व्यक्ती हे नायकाच्या अपराधी मनाचे प्रतिबिंब होय. प्रस्तुत लेखात या मताची तपासणी करावयाची आहे. कादंबरीच्या पूर्वार्धापुरते हे मत बरेचसे ग्राह्य आहे. उत्तरार्धाला मात्र ते लागू पडत नाही, आणि तेथे ते मत धरून बसणारा समीक्षक नायकाचीच चूक पुन्हा करीत असतो, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

२. कादंबरीतील घटना आणि वस्तुत्वाची खूण

सोलारिस हा दोन सूर्यांभोवती फिरणारा ग्रह आहे. त्याचा बहुतेक सर्व पृष्ठभाग एका विलक्षण महासागराने व्यापलेला आहे. हा सागर ग्रहाची अस्थिर कक्षा सावरून धरतो. म्हणून तो सजीव, कदाचित विचारक्षम असावा, असे अनुमान निघते. त्याचा अभ्यास करणारे 'सोलारिस-शास्त्र' पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले आहे, आणि ग्रंथालये भरतील इतके लेखन होऊनही मूळ प्रश्न जागच्या जागी आहे. ग्रहावर तरंगणाऱ्या संशोधन-स्थानकात क्रिस केल्विन हा मानसशास्त्रज्ञ येऊन पोहोचतो. तेथील गिबारियान या शास्त्रज्ञाने आत्महत्या केलेली आहे. स्नाउत भेदरलेला आहे. सार्तोरियस प्रयोगशाळेचे दार आतून लावून बसलेला आहे. केल्विन झोपतो, आणि जागा होतो तेव्हा त्याच्यासमोर हारेय बसलेली असते. हारेय ही त्याची प्रिया. दहा वर्षांपूर्वी दोघांचे भांडण झाले, तो निघून गेला, आणि तिने स्वतःला विषारी औषध टोचून घेऊन जीव दिला. तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती.

लेम यांनी या प्रसंगाला भासाची सोय ठेवलेली नाही, ही गोष्ट ध्यानात घ्यावयास हवी. हारेयला पाहण्याच्या आधीच केल्विनला स्वतःच्या बुद्धीविषयी शंका आलेली असते. ती फेडण्यासाठी तो एक प्रयोग करतो: ग्रहाभोवती फिरणाऱ्या उपग्रहयानाकडून त्याच्या स्थानाचे आकडे मागवितो, ते न पाहता तेच गणित स्थानकावरील यंत्राकडून स्वतंत्रपणे करवून घेतो आणि मग दोन्ही उत्तरे ताडून पाहतो. आपले आजारी मन इतके अवघड गणित आधीच करून ठेवू शकणार नाही, हा त्यामागचा युक्तिवाद. उत्तरे जुळतात. म्हणजे स्थानकावर जे घडते आहे ते मनाबाहेर घडते आहे. पुढे शास्त्रज्ञांना असेही आढळते की, या 'पाहुण्यां'ची घटना अणूंची नसून न्यूट्रिनो या कणांची आहे आणि सागराच्या सान्निध्यातच ती टिकून राहते.

हारेयच्या देहावरील तपशील या दृष्टीने फार बोलके आहेत. तिच्या दंडावर सुईची खूण आहे, म्हणजे मरणाच्या क्षणाची निशाणी जिवंत देहावर उमटलेली आहे. तिची पावले नवजात अर्भकाच्या पावलांसारखी कोवळी आहेत. या पावलांनी कोणी कधी चाललेले नाही. तिच्या पोशाखाला पुढे गुंड्या आहेत, परंतु त्या केवळ शोभेच्या. पोशाख उघडावयाची सोयच नाही. तो कापून काढावा लागतो. केल्विनच्या स्मरणात पोशाखाचे रूप होते, पोशाख घालण्या-काढण्याची क्रिया नव्हती. स्मरणाने जे साठविले तेवढेच वस्तूत उतरले. भयचकित होऊन केल्विन तिला एका अग्निबाणात बसवून आकाशात सोडून देतो. दुसऱ्या रात्री ती पुन्हा येते; आणि खुर्चीवर कापलेले दोन सारखे पोशाख दिसतात. कादंबरीतील सर्वांत भीषण चित्रांपैकी हे एक आहे, आणि ते केवळ दोन कपड्यांचे आहे.

३. वस्तू होताना विचारातून काय गळते

केल्विनच्या मनात दहा वर्षे जे ठसठसत होते ते वाक्यरूपाने मांडावयाचे झाले तर मराठीत साधारणतः असे वाक्य होईल: 'तेव्हा निघून गेलो नसतो, तर ती मेली नसती.' या एका वाक्यात भूतकाळ आहे, नकार आहे आणि संकेतार्थ आहे. दुःख या तिन्हींच्या जुळणीत आहे. सागराने या वाक्यातून काय घेतले? फक्त 'ती'. भूतकाळ गेला, म्हणून मेलेली व्यक्ती वर्तमानात येऊन बसली. नकार गेला, म्हणून तिच्या दंडावर सुईची खूण राहिली. संकेतार्थ गेला, म्हणून जे 'झाले असते' ते 'झाले आहे' होऊन बसले. वस्तूला काळ नसतो, अर्थ नसतात, होकार-नकार नसतो. ती असते, एवढेच.

भर्तृहरीने 'वाक्यपदीया'त वाणीच्या वैखरी, मध्यमा आणि पश्यन्ती अशा अवस्था सांगितलेल्या आहेत. वैखरीत ध्वनींचा क्रम प्रत्यक्ष असतो, मध्यमेत तो मनात असतो, पश्यन्तीत क्रम लोपलेला असतो. सर्व ज्ञान शब्दाने अनुविद्ध आहे, असाही त्याचा सिद्धान्त आहे. लेम यांच्या डोळ्यांसमोर ही परिभाषा असण्याचे कारण नाही. परंतु कादंबरीतील घटना समजून घेण्यास ती उपयोगी पडते. सागर माणसाचे बोलणे ऐकत नाही, त्याची मनातल्या मनातली वाक्येही वाचत नाही. तो निद्रिस्त मनाच्या त्या थरात हात घालतो जेथे क्रम नाही. याचा पुरावा कादंबरीतच आहे. हारेय बोलता बोलता पेल्व्हिस नावाच्या एका माणसाचा उल्लेख करते, आणि केल्विन दचकतो. कारण खऱ्या हारेयला हा माणूस ठाऊक असणे शक्यच नव्हते. केल्विनच्या मनात 'आधी' आणि 'नंतर' यांच्या कप्प्यांत ज्या आठवणी होत्या त्या हारेयमध्ये एकाच वेळी, सरमिसळ होऊन उतरल्या आहेत. क्रम गेला की चरित्र जाते. उरतो तो आठवणींचा साठा.

याच विषयावरील अन्य कलाकृतींशी तुलना केली असता लेम यांचे वेगळेपण स्पष्ट होते. १९५६ सालच्या 'फॉरबिडन प्लॅनेट' या अमेरिकन चित्रपटात मॉर्बियस या विद्वानाच्या सुप्त मनातील हिंसा एका लुप्त संस्कृतीच्या यंत्रामुळे राक्षस होऊन वावरते. तो राक्षस बोलत नाही. त्यामुळे तो कोण, हा प्रश्न उद्भवत नाही. तो कोणाचा, एवढे कळले की कथा संपते. होर्हे लुई बोर्हेस यांच्या १९४० सालच्या त्लोन या काल्पनिक जगाच्या कथेत तर वस्तू अपेक्षेपोटी जन्माला येतात. दोघे जण हरवलेली पेन्सिल शोधतात. पहिल्याला ती सापडते आणि तो काही बोलत नाही. दुसऱ्यालाही एक सापडते, आणि ती त्याच्या अपेक्षेशी अधिक जुळणारी असते. पहिल्याचे न बोलणे येथे महत्त्वाचे आहे. 'सापडली' हा एक शब्द त्याने उच्चारला असता तर दुसरी पेन्सिल निर्माण होण्याचे कारण उरले नसते. त्या जगाच्या एका गोलार्धातील भाषांत नामेच नाहीत असे बोर्हेस सांगतात. नामाविना चालणाऱ्या भाषेच्या जगात वस्तू मात्र वाढत जातात, हा विरोधाभास भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्याने मुद्दाम पाहण्यासारखा आहे.

अर्कादी आणि बोरिस स्त्रुगात्स्की या बंधूंच्या 'रोडसाइड पिकनिक' (१९७२) या कादंबरीवरून आंद्रेइ तार्कोव्हस्की यांनी १९७९ साली 'स्टॉकर' हा चित्रपट काढला. त्यातील निषिद्ध प्रदेशात एक खोली आहे. तीत शिरणाऱ्याची अंतःकरणातील खरी इच्छा पुरी होते. 'साळिंदर' या टोपणनावाचा एक वाटाड्या मेलेला भाऊ परत मिळावा म्हणून तेथे गेला, त्याला मिळाली ती संपत्ती, आणि त्याने गळफास घेतला. येथे बोललेली इच्छा खोटी आणि न बोललेली खरी, असे गृहीत धरलेले आहे. हे गृहीत आधुनिक वाचकाच्या मनात इतके मुरलेले आहे की ते तपासून पाहावे असे त्याला वाटत नाही. वस्तुतः भावाचे जीवन मागणारे वाक्य हाही त्या माणसाचाच भाग होता. ते त्याने निवडून, विचारपूर्वक उच्चारलेले होते. मनाच्या तळाशी जे पडलेले असते त्याची निवड कोणी केलेली नसते. त्याला 'खरे' म्हणणे आणि उच्चारलेल्या शब्दाला 'मुखवटा' म्हणणे, हा एक सिद्धान्त आहे. सिद्ध झालेली गोष्ट नव्हे.

लेम या सिद्धान्ताच्या आहारी जात नाहीत. साकार झालेली हारेय ही केल्विनच्या प्रेमाचे सत्य आहे की त्याच्या अपराधाचे, हे कादंबरी सांगत नाही. सागराने तिला शिक्षा म्हणून पाठविले, भेट म्हणून पाठविले, की केवळ एक प्रयोग म्हणून, हेही अनिर्णित राहते. जे निश्चित आहे ते एवढेच की, मनातील एक ठसा व्याकरणावाचून बाहेर पडला आहे आणि आता त्याच्याशी बोलावयाचे आहे.

४. नाव कोणते द्यावे

ज्याच्याशी बोलावयाचे त्याला काय म्हणावे, हा प्रश्न स्थानकावरील तिघांनी निरनिराळ्या रीतीने सोडविलेला आहे. साकार झालेल्या व्यक्तींचा निर्देश 'पाहुणे' असा होतो. सार्तोरियस 'फ-रचना' अशा आशयाची एक शास्त्रीय संज्ञा वापरतो. केल्विन 'हारेय' म्हणतो. या तीन नावांत तीन भूमिका आहेत. संज्ञा बोलणाऱ्याला दूर ठेवते. संज्ञेला मारता येते, आणि सार्तोरियस पुढे तेच करणारे यंत्र तयार करतो. विशेषनाम जवळ आणते. परंतु ते मेलेल्या मुलीचे आहे, आणि समोर बसलेली व्यक्ती ती मुलगी नाही.

मधला शब्द सर्वांत अर्थपूर्ण आहे. 'पाहुणा' हा सापेक्ष शब्द होय. यजमानावाचून त्याला अर्थ नाही. पोलिशमधील 'गोश्च' हा शब्द ज्या प्राचीन इंडो-युरोपीय मुळापासून आला त्याच मुळापासून लॅटिनमधील 'होस्तिस' हा शब्दही आला. त्याचा अर्थ आधी 'परका' आणि पुढे 'शत्रू' असा झाला. एकाच मुळातून एके ठिकाणी पाहुणा आणि दुसऱ्या ठिकाणी वैरी निघाला. कोणाही परक्याबद्दल हा निर्णय भाषेला करावा लागतो, आणि 'सोलारिस'मधील माणसांनाही तोच करावयाचा आहे. वर उल्लेखिलेल्या मराठी म्हणीत वैरी मनाच्या बाहेर आहे आणि मन त्याहून वाईट आहे. लेम यांच्या कादंबरीत मनातूनच निघालेला परका वैरी मानावा की पाहुणा, हे ठरावयाचे आहे.

सागराच्या बाबतीतही हीच अडचण दिसते. त्याच्या पृष्ठभागावर उभ्या राहणाऱ्या प्रचंड आकृतींना शास्त्रज्ञांनी 'सममित', 'असममित', 'अनुकारी' अशा अर्थाच्या संज्ञा देऊन त्यांचे काटेकोर वर्गीकरण केलेले आहे. कादंबरीत त्यासाठी पानेच्या पाने खर्ची पडलेली आहेत आणि अनेक वाचकांना ती कंटाळवाणी वाटतात. परंतु या पानांवाचून कादंबरीचा तोल राहिला नसता. एका बाजूस नावे आहेत आणि आकलन नाही, असा सागर. दुसऱ्या बाजूस आकलन होऊ लागले आहे परंतु नाव चुकीचे आहे, अशी हारेय. दोन्ही ठिकाणी नामाची मर्यादा दाखविलेली आहे.

५. हारेयचा 'मी'

कादंबरीचा उत्तरार्ध सुरू होतो तो गिबारियानने ध्वनिमुद्रित करून ठेवलेल्या निवेदनापासून. केल्विन झोपलेला असता हारेय ते ऐकते आणि आपण कोण आहोत हे तिला कळते. त्यानंतर ती द्रवरूप प्राणवायू पिऊन मरू पाहते. देह आपोआप भरून येतो आणि ती मरत नाही. आपण हारेय नाही, हे ती स्वतः केल्विनला सांगते. या नकाराकडे विशेष लक्ष द्यावयास हवे. विचार वस्तू होताना जो नकार गळून पडला होता तो येथे परत आलेला आहे. परंतु तो केल्विनचा नाही, तिचा आहे. तिच्या रूपाने साकार झालेल्या स्मृतीत 'मी हारेय नाही' हे वाक्य असणे अशक्य होते. केल्विनच्या मनात ते कधीच नव्हते. ते नवे वाक्य आहे, आणि त्याचा कर्ता नवा आहे.

एमिल बेनव्हेनिस्त या फ्रेंच भाषाशास्त्रज्ञाने १९५६ साली सर्वनामांविषयी जो लेख लिहिला त्यात 'मी' या शब्दाचे वेगळेपण दाखविले आहे. 'झाड' हा शब्द कोणी उच्चारला यावर त्याचा अर्थ अवलंबून नसतो. 'मी' या शब्दाचा निर्देश मात्र ज्या उच्चारात तो येतो त्या उच्चाराच्या कर्त्याकडेच असतो. म्हणून एकाचा 'मी' दुसऱ्याला उच्चारता येत नाही. केल्विनने हारेयचे रूप, तिचा आवाज, तिचा पोशाख आपल्या मनातून पुरविला असे म्हणता येईल. तिचा 'मी' त्याने पुरविला असे म्हणता येणार नाही. ज्या क्षणी ती 'मी' म्हणून आपल्या उत्पत्तीविषयी बोलते त्या क्षणी ती कोणाचे तरी प्रतिबिंब राहत नाही.

येथे पोलिश भाषेचा एक विशेष सांगणे अगत्याचे आहे. पोलिशमध्ये भूतकाळी क्रियापद प्रथम पुरुषातही लिंग दाखविते. बोलणारी स्त्री असल्यास 'मी होते', पुरुष असल्यास 'मी होतो', असा भेद मराठीप्रमाणेच तेथेही रूपातच दिसतो. त्यामुळे मूळ कादंबरीत हारेयने उच्चारलेले भूतकाळी प्रत्येक वाक्य तिला केल्विनपासून व्याकरणानेच वेगळे करते. इंग्रजीत हा भेद क्रियापदात दिसत नाही. त्यातच १९७० साली प्रसिद्ध झालेले इंग्रजी भाषांतर मूळ पोलिशवरून न होता फ्रेंच भाषांतरावरून झालेले होते, आणि त्यात अक्षरांची फिरवाफिरव करून हारेयचे नावही बदललेले होते. लेम त्यावर समाधानी नव्हते. थेट पोलिशवरून केलेले बिल जॉन्स्टन यांचे इंग्रजी भाषांतर २०११ साली आले. इंग्रजीवरून या कादंबरीचा परिचय करून घेणाऱ्या मराठी अभ्यासकाने हे विसरू नये. कारण या एका बाबतीत मराठी ही इंग्रजीपेक्षा पोलिशच्या अधिक जवळ आहे.

६. प्रतिबिंबवादाची तपासणी

हारेय म्हणजे केल्विनचे अपराधी मन, या मताला कादंबरीतच आधार आहे, हे नाकारता येत नाही. माणसाला परकी जगे नको असतात, त्याला आरसे हवे असतात, अशा आशयाचे भाषण स्नाउत करतो आणि ते समीक्षकांनी वारंवार उद्‌धृत केलेले आहे. परंतु हे मत एका पात्राचे आहे, आणि तेही थकलेल्या, वैतागलेल्या पात्राचे. शिवाय ते मनुष्यजातीवरील आरोप म्हणून केलेले आहे. जो दोष म्हणून दाखविला तोच अर्थ म्हणून स्वीकारणे, म्हणजे आरोपीने आरोपपत्रालाच प्रशस्तिपत्र समजण्यासारखे आहे.

कादंबरीवरील दोन प्रमुख चित्रपटांनी हा गैरसमज वाढविला असण्याची शक्यता आहे. तार्कोव्हस्की यांच्या १९७२ सालच्या चित्रपटात पृथ्वी, घर, पिता आणि पश्चात्ताप यांना मध्यवर्ती स्थान आहे. चित्रपट म्हणून त्याची योग्यता मोठी असली तरी लेम यांना तो मानवला नाही. स्टीव्हन सोडरबर्ग यांनी २००२ साली काढलेल्या चित्रपटात प्रेमकथा पुढे आली आणि सागर मागे पडला. दोन्ही ठिकाणी मध्यभागी आहे तो नायकाचा अंतर्यामीचा प्रवास. हारेयचे भाषिक स्वातंत्र्य त्याच्या आड जाते.

प्रतिबिंबवादी एक आक्षेप घेऊ शकेल: हारेय जे बोलते तेही सागरानेच तिच्याकडून बोलविले नसेल कशावरून? हा आक्षेप वजनदार आहे आणि केल्विनच्या मनातही तो डोकावून जातो. परंतु तो मान्य केला तरी प्रतिबिंबवाद टिकत नाही. कारण मग बोलणारा केल्विनखेरीज दुसरा कोणी तरी ठरतो. शिवाय हा संशय कोणाही माणसाविषयी घेता येतो. समोरच्याच्या 'मी'मागे खरोखर कोणी आहे की नाही, याची खात्री उपग्रहयानाच्या गणितासारखी करून घेता येत नाही. केल्विनची कसोटी वस्तूचे अस्तित्व सिद्ध करू शकली. व्यक्तीचे अस्तित्व सिद्ध करण्याची कसोटी त्याच्यापाशी नाही. तेथे उत्तर देणे किंवा न देणे, एवढेच त्याच्या हाती आहे.

भारतीय परंपरेतील एका कथेशी तुलना केल्यास हा मुद्दा अधिक उजळतो. 'योगवासिष्ठा'तील शतरुद्राच्या आख्यानात एक भिक्षू मनाच्या खेळात जीवट नावाचा मनुष्य होतो. जीवट स्वप्नात ब्राह्मण होतो. आणि अशी कल्पनेतून कल्पना निघत राजा, भ्रमर, हत्ती, हंस अशा अनेक जन्मांतून ती मालिका रुद्रापर्यंत पोहोचते. रुद्राला सारे स्मरते. तो मागे जाऊन एकेकाला जागे करतो. तेथेही कल्पिलेली व्यक्ती कल्पकाइतकीच खरी आहे. परंतु त्या जागृतीत सर्वांना आपले ऐक्य कळते. 'सोलारिस'मधील जागृती उलट दिशेने जाते: हारेय जागी होते ती भेद ओळखण्यासाठी. पहिल्या कथेत 'मी' विरून जाणे ही मुक्ती आहे. दुसरीत 'मी' उच्चारता येणे हीच एकमेव मुक्ती तिच्या वाट्याला येते. या दोन दृष्टींत कोणती श्रेष्ठ, हा येथील प्रश्न नव्हे; परंतु दुसरीला पहिलीच्या चौकटीत बसवून 'सर्व मनाचाच खेळ' असे म्हणणे कादंबरीवर अन्याय करणारे आहे.

७. कादंबरीची उणीव

हाच निकष लावला असता कादंबरीतील एक उणीव झाकता येत नाही. गिबारियानकडे आलेली 'पाहुणी' ही कृष्णवर्णी, स्थूल देहाची स्त्री आहे. ती स्थानकाच्या मार्गिकेतून जाताना दिसते, गिबारियानच्या शवाजवळ पडलेली आढळते, आणि तिला एकही शब्द दिलेला नाही. तिचे वर्णन युरोपीय कल्पनेतील 'रानटी' स्त्रीच्या जुन्या साच्यातले आहे. सार्तोरियसच्या दाराआडचा पाहुणा वाचकाला नीटसा दिसत नाही, स्नाउतचा तर मुळीच दिसत नाही; त्यांचे मौन कथेच्या रहस्याला पोषक आहे. गिबारियानची पाहुणी मात्र पुरती दिसते आणि तरीही मुकी राहते. ती गिबारियानच्या मनातील ठसा होती, म्हणून तिचे रूप तसे असणे समजू शकते. परंतु हारेयला ठशातून बाहेर पडण्याची जी संधी मिळाली ती हिला का मिळू नये, याचे उत्तर कादंबरीत नाही. शब्द मिळाला ती व्यक्ती झाली, न मिळाला ती वस्तूच राहिली. लेम यांनी जे तत्त्व एके ठिकाणी इतक्या सूक्ष्मपणे सिद्ध केले त्याच्याकडेच दुसऱ्या ठिकाणी त्यांचे दुर्लक्ष झाले, असे म्हणणे भाग आहे.

८. समारोप

शेवटी हारेय केल्विनला न कळविता स्नाउतकडे जाते आणि आपला अंत करून घेते. मागे एक चिठ्ठी उरते. ही आपलीच विनंती होती, स्नाउतला दोष देऊ नये, असे तिने तीत लिहिलेले आहे. चिठ्ठीच्या तळाशी एक शब्द खोडलेला आहे, परंतु केल्विनला तो वाचता येतो. तो शब्द म्हणजे 'हारेय' हे नाव होय. नाव लिहून तिने ते पुसले. स्वतःविषयीची प्रथमपुरुषी वाक्ये मात्र तशीच ठेवली. केल्विनने दिलेले, मेलेल्या मुलीचे नाव तिला आपले म्हणता आले नाही, आणि दुसरे नाव तिच्यापाशी नव्हते. तरी निर्णय कोणाचा होता, हे वाक्यांतून पुरते स्पष्ट होते.

त्यानंतर पाहुणे येत नाहीत. केल्विन ग्रह सोडून जात नाही. सागराच्या काठाशी जाऊन तो लाटेपुढे हात धरतो, लाट हाताभोवती आकार घेते, आणि स्पर्श न करता मागे सरते. सागर त्याच्याशी बोलला असे म्हणता येत नाही. ज्या शास्त्राने सागराला शेकडो नावे दिली त्याला सागराकडून एकही वाक्य मिळाले नाही. आणि जिला धड एक नाव नव्हते तिने मागे अशी चिठ्ठी ठेवली की तिचा अर्थ केल्विनला डावलता येत नाही. कादंबरीचा अर्थ लावणाऱ्याने हारेयला केल्विनच्या मनात परत ढकलण्यापूर्वी ती चिठ्ठी वाचावी, आणि खाली सही का नाही याचा विचार करावा. पोलिशप्रमाणे क्रियापदात लिंगभेद राखणाऱ्या भाषांतील भाषांतरे या दृष्टीने ताडून पाहिली, तर हारेयच्या बोलण्यातला किती भाग कोठे टिकला आणि कोठे गळाला, याचा निश्चित हिशेब मांडता येईल. तो अभ्यास पदव्युत्तर विद्यार्थ्यांनी हाती घेण्याजोगा आहे.